हजाराच्या नोटेवरचे ते तिघं: फिलिपिन्सच्या सेंट्रल बँकेला एक खुलं पत्र

प्रति,
मा. गव्हर्नर आणि मॉनेटरी बोर्डाचे सगळे सदस्य,
बांको सेंत्राल नांग पिलिपिनास,
मालाते, मनिला

सप्रेम नमस्कार,

पत्र मराठीत लिहितेय. तुमच्यापैकी कुणालाच वाचता येणार नाही हे मला माहितीये. इथली एक मैत्रीण त्याचं तागालोग करून देणार आहे, ते रीतसर तुमच्या ऑफिसात येईल. पण मला राग येतो तो मराठीतच येतो, म्हणून आधी मराठीत. आणि माझ्या लोकांनीही हे वाचावं असं वाटतं, कारण आपल्याकडे फिलिपिन्स म्हटलं की एक तर एमबीबीएसला गेलेली पोरं आठवतात नाहीतर बोराकायचे फोटो, त्यापलीकडे या देशाबद्दल कुणाला काही पडलेली नसते.

आधी माझी ओळख. मी साताऱ्याची. कोर्टात सात वर्षं प्रॅक्टिस केली, मग नवऱ्याची बदली मनिलाला झाली आणि २०१६ च्या जानेवारीत दोन सुटकेस आणि एक प्रेशर कुकर घेऊन आम्ही इथे आलो. तुमच्या राज्यघटनेप्रमाणे परदेशी माणसाला इथे वकिली करता येत नाही. तक्रार नाही, सांगतेय फक्त. म्हणजे वकील आहे पण काळा कोट ट्रंकेत. तुमच्या बँकेपासून चालत दहा मिनिटांवर भाड्याने राहते, रोज सकाळी भाजी आणायला जाताना तुमच्या कंपाउंडच्या भिंतीवरून जाते.

विषय तुम्हाला कळला असेल. २०२२ च्या एप्रिलमध्ये तुम्ही हजार पिसोची नवी पॉलिमरची नोट काढली आणि तिच्यावरून होसे अबाद सांतोस, जनरल विसेंते लिम आणि होसेफा यानेस एस्कोदा या, जपान्यांच्या काळात गेलेल्या, तिघांना उतरवून तिथे गरुड बसवला. त्याला आता बरीच वर्षं झाली, मग आत्ता का ओरडतेस असं म्हणाल. तेव्हा मी गप्प बसले कारण वाटलं आपण परक्या, आपण कोण बोलणार. शिवाय तेव्हा तुम्ही सांगितलेलं की जुनी कागदी नोट चालूच राहील. ती चालतेय कागदोपत्री. पण हळूहळू एटीएममधून येते ती गरुडवालीच, आणि गेल्या महिन्यात एका दुकानातल्या पोरीने माझी कागदी नोट उलटसुलट करून पाहिली आणि विचारलं, ही अजून चालते का हो? मी म्हटलं चालते, यावर कोण आहेत माहितीये का? तिने चष्मेवाल्या माणसाचं नाव वाचलं आणि म्हणाली, "आ, एलआरटीचं स्टेशन!"

झालं. एलआरटी म्हणजे इथली मेट्रो, तिचं ब्लुमेंट्रिटच्या पुढचं स्टेशन, अबाद सांतोस. एवढंच उरलंय त्यांचं. त्या पोरीला दोष नाही, वीस वर्षांची असेल.

मला ही गोष्ट कुणी सांगितली ते सांगते, म्हणजे माझा संबंध काय ते कळेल. आम्ही पहिली दोन वर्षं ज्या घरात राहिलो तिथली मालकीणबाई, आम्ही तिला लोला म्हणायचो, म्हणजे इकडची आजी. पाम्पांगा प्रांताची, सान फेर्नांदोची. वय चौऱ्याऐंशी, कान तिखट, भाडं एक दिवस उशिरा झालं की दारात उभी. पहिल्या महिन्याचं भाडं मी कॅश दिलं, सगळ्या हजाराच्या नोटा, आणि ही बाई मोजायच्या आधी एकेका नोटेवरच्या चष्मेवाल्यावर अंगठा फिरवत बसली. मी विचारलं नोट खोटी वाटते का? म्हणाली, नाही ग, आमच्या गावचा आहे हा.

मग सुरू झाली. पुढे दोन वर्षं ती गोष्ट सुरूच होती, दर महिन्याला पाच तारखेला थोडी थोडी.

होसे अबाद सांतोस, जन्म १९ फेब्रुवारी १८८६, सान फेर्नांदो. तेव्हा राज्य स्पॅनिश लोकांचं. पोरगा बारा वर्षांचा होईतो स्पेन गेलं आणि अमेरिका आली, आणि आली ती लढून आली. थोरला भाऊ पेद्रो त्या लढाईत अमेरिकनांविरुद्ध गनिमी फौजेत होता, पकडला गेला, फाशीची शिक्षा झाली, ती कमी होऊन पुढे माफी मिळाली. आणि धाकट्याला त्याच अमेरिकेने १९०४ मध्ये सरकारी स्कॉलरशिपवर शिकायला नेलं, इकडे त्या पोरांना पेन्सियोनादो म्हणत. एकाच आईची दोन पोरं. नॉर्थवेस्टर्न विद्यापीठातून कायद्याची पदवी १९०८ मध्ये, पुढचं शिक्षण जॉर्ज वॉशिंग्टन विद्यापीठात, आणि १९११ मध्ये इकडे येऊन सनद घेतली.

आता बँकवाल्यांनो नीट ऐका. हा माणूस तुमच्यातलाच होता हो. फिलिपिन नॅशनल बँकेचा पहिला फिलिपिनो वकील हाच. बँकेचे कागद, करार, कर्जाची कलमं, हे सगळं एका फिलिपिनो माणसाने बघायची सुरुवात याच्यापासून. आणि शेवटी शेवटी, लढाईच्या धामधुमीत, देशाचं अर्थखातंही याच्याच गळ्यात होतं. नोटेवरून काढताना हे कुणाच्या लक्षात आलं होतं का, खरंच विचारतेय.

१९२२ मध्ये ते न्यायखात्याचे सचिव झाले, म्हणजे आपल्याकडे मंत्री म्हणतो ते. गव्हर्नर जनरल लिओनार्ड वूड, अमेरिकन लष्करी माणूस. वर्षभरात ठिणगी पडली. मनिला पोलिसातल्या कॉनली नावाच्या अमेरिकन डिटेक्टिव्हवर लाच खाल्ल्याचे आरोप होते, वूडसाहेबांनी फिलिपिनो मंत्र्यांचं न ऐकता त्याला परत कामावर घेतलं. जुलै १९२३ मध्ये खातेप्रमुखांनी एकदम राजीनामे टाकले, त्यात अबाद सांतोस पण. एका डिटेक्टिव्हसाठी एवढं? असं वाटेल. पण मुद्दा डिटेक्टिव्हचा नव्हताच, खातं माझं असेल तर शब्द माझा चालणार की तुझा, हा होता. ज्यांनी सरकारी नोकरी केलीये त्यांना हे समजावून सांगावं लागणार नाही.

पुढे १९२८ ते १९३२ पुन्हा न्यायखातं. तुमचा रिव्हाइज्ड पीनल कोड याच काळातला, ८ डिसेंबर १९३० ला मंजूर आणि १ जानेवारी १९३२ पासून लागू, आणि अजून तोच चालतोय. आमचा इंडियन पीनल कोड १८६० चा, तो परवा परवा १ जुलै २०२४ ला गेला, सगळी कलमं नव्याने पाठ करायला लागली आमच्या लोकांना. ३०२ आणि ४२० पण गेलं, आता भामट्याला काय म्हणायचं हाच प्रश्न. असो. मग १९३२ मध्ये सुप्रीम कोर्टात न्यायमूर्ती, १९३८ मध्ये अध्यक्ष केसोन यांनी परत न्यायखात्यात बोलावलं.

इथे लोला थांबायची आणि आवाज बारीक करायची. कारण १९३८ हेच ते वर्ष ज्या वर्षी थोरल्या भावाचा, पेद्रोचा, समाजवादी पक्ष कम्युनिस्टांबरोबर एक झाला. पाम्पांगातली कुळं जमीनदारांविरुद्ध उठलेली, संप, उसाचे मळे, मारामाऱ्या, आणि त्या सगळ्या कुळांचा पुढारी डॉन पेरिको, म्हणजे पेद्रो अबाद सांतोस, स्वतः वकील, घरचा बरा. लोलाचा बाप कूळ होता, डॉन पेरिकोचा माणूस. म्हणजे संप करणाऱ्यांचा म्होरक्या एक भाऊ आणि सरकारचा न्यायमंत्री दुसरा भाऊ. लोला म्हणायची, माझ्या बापाला धाकटा आवडायचा नाही, सरकारी माणूस म्हणायचा. पण १९४२ नंतर बापाने त्याच्याबद्दल एक वाईट शब्द काढला नाही.

आता १९४२. हे तुम्हाला माहिती असायला हवं पण तरी लिहिते, कारण हे पत्र माझे लोकही वाचणारेत.

जपानी मनिलाकडे येत होते. २४ डिसेंबर १९४१ ला केसोन यांनी अबाद सांतोसना सरन्यायाधीश केलं, आणि त्याच वेळी सरकार कोरेगिदोर बेटावर हललं. ३० डिसेंबरला मालिंता बोगद्याच्या तोंडाशी केसोन आणि उपाध्यक्ष ओस्मेन्या यांनी दुसऱ्यांदा शपथ घेतली, ती दिली या नव्या सरन्यायाधीशाने. पुढे मार्च १९४२ मध्ये केसोन नेग्रोस बेटावर होते, तिथून ऑस्ट्रेलिया आणि मग अमेरिका असं निघायचं ठरलं. अबाद सांतोसना विचारलं, येतोस का. ते म्हणाले नाही, मी इथेच राहून काम करतो, माझं कुटुंब इथे आहे. मग केसोननी लेखी अधिकार दिले, मूळ धोरण न बदलता बाकी सगळ्या बाबतीत माझ्या जागी तू निर्णय घे. म्हणजे सरन्यायाधीश, वर अर्थखातं, शेतीखातं, व्यापारखातं, वर अध्यक्षाचे अधिकार, आणि राज्य कुठे, तर जपानी अजून पोचले नव्हते तेवढ्या बेटांवर.

१० एप्रिलला जपानी सेबू बेटावर उतरले. ११ एप्रिलला कारकारजवळ अबाद सांतोस आणि त्यांचा मुलगा होसे, घरचं नाव पेपितो, दोघंही पकडले गेले.

जपान्यांना त्यांचा मुडदा नको होता, माणूस हवा होता. नवं सरकार बसवायचं तर असं नाव लागतं. आमच्यासाठी काम कर म्हणाले. यांनी नकार दिला, मी घेतलेली शपथ मोडता येणार नाही म्हणाले. आणि खरं सांगते, पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला हे खटकलं, कारण त्या शपथेत अमेरिकेशी निष्ठा पण होती. परक्या मालकाच्या शपथेसाठी मरायचं? मी भारतातून आलेली, आमच्याकडे सुभाषबाबू जपानच्या बाजूला गेले त्यांना आम्ही नेताजी म्हणतो, नोव्हेंबर १९४३ मध्ये टोकियोच्या परिषदेत सुभाषबाबू होते आणि फिलिपिन्सकडून गेले होते होसे लाउरेल, तेही वकील, तेही अबाद सांतोसबरोबर सुप्रीम कोर्टात बसलेले, १९२३ मध्ये त्या कॉनलीपायी तेही मंत्रिपद सोडून बाहेर पडलेले. लाउरेलनी जपान्यांच्या राज्यात अध्यक्षपद घेतलं. ते देशद्रोही की लोकांना वाचवायला मध्ये उभा राहिलेला माणूस यावर इकडे अजून भांडणं होतात, आणि मला त्यात न्याय द्यायचा नाहीये.

पण लोलाला मी हे बोलून दाखवलं तेव्हा ती म्हणाली, तू वकील ना? मग तुझ्या देशात शपथ कोणाच्या नावाची आहे ते बघून पाळतात का? मला काही बोलता आलं नाही. मला आमचे रामशास्त्री आठवले, साताऱ्याजवळच्या माहुलीचे, राघोबादादाला तोंडावर देहांत प्रायश्चित्त सांगून पुण्यातून चालते झाले ते. रामशास्त्र्यांच्या मागे निदान जायला गाव होतं. या माणसाला जायला जागाच नव्हती, होता तो कैदखाना.

सेबूतून बापलेकाला मिंदानाओत नेलं, लानाओ भागातल्या मालाबांगला. सेबूचा जपानी सेनापती कावागुची, त्याला स्वतःला ही देहदंडाची शिक्षा पटली नव्हती, त्याने मनिलाला कळवून बघितलं, पण मनिलाच्या हेडक्वार्टरने हुकूम फिरवला नाही. मे १९४२ च्या पहिल्या दिवसांत अबाद सांतोसना बोलावणं आलं. त्यांनी मुलाला भेटायची परवानगी मागितली. पोरगा रडायला लागला. तेव्हा जे बोलले ते इथल्या शाळेत मुलांना पाठ करायला लावत असत: "रडू नकोस पेपितो, या लोकांना दाखव तू शूर आहेस. देशासाठी मरायला मिळणं हा मान आहे. सगळ्यांना ही संधी मिळत नाही." थोड्या वेळाने पोराला गोळ्यांचे आवाज ऐकू आले. पोरगा वाचला, त्याच्यामुळे हे सगळं आपल्याला माहिती.

थोरला डॉन पेरिको? तोही त्याच जानेवारीपासून जपान्यांच्या तुरुंगात होता. बाहेर आला पण जानेवारी १९४५ मध्ये गेला. आयुष्यभर एकमेकांच्या विरुद्ध बाजूला राहिलेले दोन भाऊ, १९४२ मध्ये दोघंही एकाच सरकारचे कैदी. लोला हे सांगून झालं की उठून चहा ठेवायची.

बरं, आता तक्रारी. लांबण लागली पण हे सांगितल्याशिवाय तक्रारीला अर्थ नव्हता.

पहिली आणि सगळ्यात मोठी. तुम्ही ज्या तिघांना काढलंत त्या तिघांनाही थडगं नाहीये. अबाद सांतोस यांचा देह मालाबांगमध्ये सापडला नाही. जनरल लिम, वेस्ट पॉइंटमधून १९१४ ला पास झालेला पहिला फिलिपिनो, बातानच्या लढाईत ४१ व्या डिव्हिजनचा सेनापती, त्यांना जपान्यांनी पकडून मारलं, देह मिळाला नाही. एस्कोदाबाई, इथल्या गर्ल स्काउट्सच्या संस्थापक, कैद्यांना अन्नऔषधं पोचवायच्या, जानेवारी १९४५ नंतर कुणाला दिसल्या नाहीत. घरच्यांना फुलं ठेवायला जागा नाही. तुमच्याकडे उन्दासला, म्हणजे नोव्हेंबरच्या पहिल्याला, अख्खं मनिला कबरीवर मेणबत्त्या लावायला जातं, मुलंबाळं डबे घेऊन रात्रभर तिथे बसतात, या तिघांच्या घरच्यांनी कुठे बसायचं? ती नोट हीच त्यांची जागा होती. हे मी माझ्या मनाने जास्त बोलतेय असं वाटत असेल, पण तुम्ही निर्णय घेतलात तेव्हा यांच्या नातवंडांनी जाहीरपणे वाईट वाटल्याचं सांगितलं होतं, ते मी पेपरात वाचलंय.

दुसरी. सांगितलं गेलं की निसर्ग, आपले प्राणी, आपली फुलं. अहो पण निसर्ग त्या नोटेवर होताच की! मागच्या बाजूला तुब्बाताहाची प्रवाळबेटं आणि मोती होते, पुढे माणसं, मागे निसर्ग. नव्या नोटेवर मागे तुब्बाताहा तसंच ठेवलंत आणि पुढे पण गरुड आणि साम्पागिताचं फूल. म्हणजे दोन्ही बाजू निसर्गाला. गरुडाशी माझं काही भांडण नाही, देखणा पक्षी आहे, उरलेत पण मोजकेच, त्याला वाचवायला हवंच. पण त्याला जागा करून द्यायला याच तिघांना उठवायला हवं होतं?

तिसरी जरा धंद्याची. कागदी नोटेत २० टक्के आबाका असायचा, बाकी कापूस. आबाका म्हणजे तुमचं स्वतःचं पीक, जगभर ज्याला मनिला हेम्प म्हणतात ते, बिकोलचे शेतकरी त्यावर जगतात. त्यांनीही तेव्हा हरकत घेतली होती. पॉलिमर जास्त टिकतं, धुता येतं, खोटी नोट करणं अवघड, हे सगळं मान्य आहे मला. नव्या नोटेला २०२२ ची जगातली सर्वोत्तम नोट म्हणून बक्षीस पण मिळालं. छान. पण प्लास्टिकवर माणसाचं चित्र उमटत नाही असं तर काही नाही ना? ऑस्ट्रेलियाच्या प्लास्टिकच्या नोटांवर माणसंच आहेत. पॉलिमरचा निर्णय वेगळा आणि चेहरे काढायचा वेगळा, तुम्ही दोन्ही एका पाकिटात घालून दिलेत आणि लोक भांडत बसले पहिल्यावर, नोटेची घडी घालायची की नाही, स्टेपल मारायची की नाही. दुसऱ्यावर चर्चा झालीच नाही धड.

आणि मग डिसेंबर २०२४. पाचशे, शंभर, पन्नास, सगळीकडे प्राणी. पाचशेवर हरीण आलं आणि आकिनो पतिपत्नी (विरोधी नेते निनॉय आणि माजी अध्यक्ष कोराझोन) गेले म्हणून केवढा गदारोळ झाला, त्या राजकारणात मला पडायचं नाही, मी पाहुणी. पण शंभरवरचे माजी अध्यक्ष रोहास वकील, बारच्या परीक्षेत पहिले आलेले. पन्नासवरचे ओस्मेन्या वकील, १९०३ च्या बारला दुसरे. वीसवरचे केसोन वकील, त्याच परीक्षेत चौथे, ते आधीच नाण्यावर गेलेत. अमेरिकन राजवटीत बंदूक खाली ठेवल्यावर या देशाने जी लढाई लढली ती कोर्टात, विधिमंडळात, वॉशिंग्टनला शिष्टमंडळं पाठवून लढली, कलमांनी आणि अर्जांनी. ती लढाई कंटाळवाणी असते हो, तिच्यावर सिनेमे निघत नाहीत, पुतळ्यात घोडा नसतो. माझ्यासारख्या माणसाला मात्र तीच जवळची वाटते. आमच्याकडे नोटांवर एकच माणूस, तोही वकीलच, आणि त्यांच्याशी कितीही मतभेद असणारे लोक आमच्याकडे आहेत (साताऱ्यात तर भरपूर), तरी नोट हातात आली की पोरं विचारतात हे कोण. प्राण्याच्या चित्राला पोरगं विचारतं हा काय खातो.

हे विसरणं किती पटकन होतं त्याचा पुरावा तुमच्या घरापाशीच आहे. तुमची बँक ज्या रस्त्यावर आहे तो माबिनी स्ट्रीट. आपोलिनारियो माबिनी, पुन्हा वकील, दोन्ही पायांनी अधू, पहिल्या प्रजासत्ताकाचा मेंदू. काही वर्षांपूर्वी एका सिनेमात माबिनीचं काम करणाऱ्या नटाला कॉलेजच्या पोरांनी विचारलं होतं, तुम्ही सिनेमाभर बसूनच का होतात? आणि माबिनी तेव्हा तुमच्या दहाच्या नाण्यावर होता बरं का. नाण्यावर असून ही अवस्था, मग नोटेवरून काढलेल्याची काय होणार.

माझ्या मागण्या फार नाहीत, आणि अवघड तर नाहीतच.

नव्या मालिकेची पुढची छपाई ठरवाल तेव्हा या तिघांना परत आणा. पुढे नको तर मागे आणा, गरुड राहू दे पुढे, मागच्या बाजूला तुब्बाताहाच्या शेजारी जागा आहे. तेही जमत नसेल तर नवीन किंमतीचं नाणं किंवा नोट काढाल त्यावर पहिला हक्क यांचा, असं आत्ताच लिहून जाहीर करा.

कागदी हजाराची नोट चालू आहे हे दुकानादुकानात कळेल असं सांगा, रेडिओवर सांगा, जीपनीवर (म्हणजे इथल्या वडाप गाड्यांवर) चिकटवा. आणि ती बंद करायची तारीख कधी ठरवलीत तर आधी लोकांना बोलवा, ऐका, मग ठरवा. मी भारतातली आहे, ८ नोव्हेंबर २०१६ च्या रात्री आमच्याकडे काय झालं ते सासूबाईंनी मला इकडे फोनवर रडत सांगितलंय, डाळीच्या डब्यातल्या नोटा मोजत होत्या. तारीख अचानक ऐकायची म्हणजे काय ते आम्हाला विचारा.

चेहरे काढायचं कोणत्या निकषावर ठरलं, कुणाकुणाला विचारलं, हरकती काय आल्या, ती फाइल खुली करा. निर्णय चुकला असं कबूल करा असं मी म्हणत नाहीये. कारणं दाखवा एवढंच. वकिलाची सवय, निकालाबरोबर कारणं लागतात.

आणि तुमच्या नाण्या-नोटांच्या संग्रहालयात या नोटेपाशी नुसती छापल्याची साल लिहू नका. ती १९९१ मध्ये पहिल्यांदा निघाली हे ठीक आहे, पण मालाबांग लिहा, पेपितो लिहा. लढाईच्या काळात जपान्यांनी छापलेल्या बिनकिमतीच्या नोटांना तुमचे लोक मिकी माउस मनी म्हणायचे, पोतंभर घेऊन गेलं तरी भात येत नव्हता, तेही तिथे ठेवा शेजारी. लोक आपोआप समजतील.

लोला २०१९ मध्ये गेली. तिच्या मुलीने मला तिच्या बायबलमधली एक हजाराची नोट आणून दिली, आईने तुझ्यासाठी ठेवली म्हणाली. ती जुन्या मालिकेतली आहे, तुम्ही २०१५ नंतर बाद केलीत त्यातली. बदलून घ्यायची मुदत होती तेव्हा मी स्वतः तिला म्हटलं होतं लोला द्या, मी बँकेतून बदलून आणते, हजार पिसो म्हणजे तिच्या दोन आठवड्यांच्या गोळ्या. ती म्हणाली, नको, नवीन नोटेवर पण तेच आहेत ना तिघं? मग ही राहू दे माझ्याकडे, खर्च व्हायची भीती नाही.

ती नोट घेऊन मी तुमच्या दारात येणारे, पत्राच्या तागालोग प्रतीबरोबर. बदलून मागायला नाही. फक्त रिसेप्शनवर दाखवेन आणि पत्राची पोच घेईन, सही-शिक्क्यासकट.

आपली,
मालातेत राहणारी साताऱ्याची एक वकील